अनुक्रमांक सातचा दावा

जुने अधीक्षक निवृत्त झाले त्या आठवड्यात भाऊसाहेबांनी दोन नवे शर्ट शिवायला टाकले. कुणी विचारलंच तर जुन्यांच्या कॉलरी विरल्या आहेत, हे उत्तर तयार होतं. कुणी विचारलं नाही, ही गोष्ट वेगळी. पाणीपुरवठा खात्याच्या त्या विभागीय कार्यालयात शिपायापासून साहेबांपर्यंत सगळे धरूनच चालले होते की खिडकीजवळची हातांची खुर्ची आता भाऊसाहेबांची. सेवाज्येष्ठता यादीत त्यांचा क्रमांक सातवा. वरच्या सहांपैकी चौघे निवृत्त झालेले, एक बढती घेऊन मुख्यालयात गेलेले आणि एक देवाघरी. देवाघरी गेलेल्यांचं नाव यादीत अजून होतं, कारण ते वगळण्याचा प्रस्ताव भाऊसाहेबांच्याच टेबलावर पडून होता आणि त्याला एक जोडपत्र कमी पडत होतं.

सोमवारी आदेश आला. भाऊसाहेब आस्थापना शाखेचे वरिष्ठ कारकून, त्यामुळे पाकीट त्यांनीच फोडलं. वाचलं. चष्मा पुसला. पुन्हा वाचलं. अधीक्षकपदी रेकॉर्डबाईंची नेमणूक झाली होती.

रेकॉर्डबाई म्हणजे तळघरातल्या अभिलेख कक्षाच्या कारकून. पंधरा वर्षं त्या तळघरात होत्या. वरच्या मजल्यावरच्या अर्ध्या लोकांनी त्यांना कधी पाहिलेलं नव्हतं, पण त्यांचा आवाज सगळ्यांच्या ओळखीचा होता. कुठलाही जुना कागद मागितला की अर्ध्या तासात फोन यायचा आणि त्या एकच शब्द बोलायच्या, "सापडलं." यादीत त्यांचा क्रमांक अकरावा. मग अकरावी व्यक्ती सातव्याच्या डोक्यावरून गेली कशी? तर बिंदुनामावलीमुळे. ही एक नोंदवही असते. कुठलीही बढतीची जागा निघाली की तिला या वहीतला पुढचा क्रमांक, म्हणजे बिंदू मिळतो. काही बिंदू सगळ्यांसाठी खुले, काही राखीव. ज्यांच्या पिढ्यान् पिढ्यांना कचेरीचा उंबरठा ओलांडू दिला नव्हता त्या समाजांसाठी. ही जागा राखीव बिंदूवर आली होती आणि त्या गटात बाई सगळ्यांत वरच्या होत्या. यात न कळण्यासारखं काही नव्हतं. भाऊसाहेबांनी स्वतः अशा आदेशांच्या शेकड्यांनी प्रती काढल्या होत्या. फक्त तेव्हा त्या प्रतींत त्यांचं नाव नव्हतं.

"राखीव जागांना माझा विरोध नाही," घरी आल्यावर ते बायकोला म्हणाले.

"मग काय हरकत आहे?"

"हरकत नाही. पण याच वेळी कशाला?"

"मागच्या वेळीही तुम्ही असंच म्हणाला असतात," बायको म्हणाली आणि कणीक मळायला गेली.

इथंच प्रकरण मिटायचं. पण खालच्या मजल्यावर शॉर्टहँडकाका राहत होते. ते निवृत्त लघुलेखक. नाव शॉर्टहँड, बोलणं मात्र लाँगहँड. जिन्यात त्यांनी भाऊसाहेबांचा चेहरा वाचला, हाताला धरून आत नेलं आणि दार लावून घेतलं.

"अर्ज द्या," ते म्हणाले.

"कसला?"

"खुलासा मिळणेबाबत. भांडण नाही, तंटा नाही. नुसतं विचारायचं, की माझी ज्येष्ठता आपण कशी विचारात घेतली? एका ओळीचं उत्तर मागायचं. माणसाला आपल्या सेवेबद्दल एका ओळीचं उत्तर मागायचा अधिकार नाही का?"

एक ओळ म्हटल्यावर भाऊसाहेबांनाही ते माफक वाटलं. त्यांनी अर्ज दिला. आता पंचाईत अशी, की कर्मचाऱ्यांच्या अर्जांना उत्तर देणारी शाखा म्हणजे आस्थापना शाखा, आणि आस्थापना शाखा म्हणजे भाऊसाहेब. त्यांचा अर्ज दोन दिवसांनी त्यांच्याच टेबलावर आला. स्वतःला उत्तर कसं द्यावं याबद्दल नियमांत काही नव्हतं. त्यांनी साहेबांना विचारलं. साहेबांनी शेरा मारला : 'वर पाठवावे.' अर्ज वर गेला. तीन महिन्यांनी वरून उत्तर आलं, की या बाबतीत समाधान नसल्यास अर्जदारास न्यायाधिकरणाकडे दाद मागता येईल.

"बघा!" शॉर्टहँडकाका टाळी देत म्हणाले. "ते स्वतःच सांगताहेत, दावा लावा म्हणून!"

वकीलसाहेब काकांच्याच ओळखीचे निघाले. सेवाविषयक दावे सोडून त्यांनी आयुष्यात दुसरं काही चालवलं नव्हतं. ठेंगणे, पोट सुटलेले, आवाज असा की कुजबुजले तरी बाहेरच्या बाकावर ऐकू जावं. त्यांच्या खोलीत चारही भिंतींना छतापर्यंत निकालांचे ग्रंथ होते. भाऊसाहेबांनी आपली कहाणी सुरू केली, तोच वकीलसाहेबांनी डोळे मिटले आणि न बघता हात मागे करून एक जाड ग्रंथ ओढून काढला, उघडला, तर समोर हुबेहूब तीच कहाणी. खातं दुसरं, साल दुसरं, पण सातवा आणि अकरावा तेच. भाऊसाहेब पानावर वाकले. जे आपल्यावर एकट्यावर कोसळलं असं त्यांना वाटत होतं, ते चाळीस वर्षांपूर्वी कुणावर तरी कोसळून, छापून, कातडी बांधणीत बसून राहिलं होतं.

"तो जिंकला का?" त्यांनी हळूच विचारलं.

"सात वर्षांनी."

"जिंकला?"

"सात वर्षांनी निवृत्त झाला. दावा त्यानंतर चार वर्षं चालला. फार सुंदर निकाल आहे, वाचा निवांत."

वकीलसाहेबांनी मग खरी गोम सांगितली. नुसता बाईंविरुद्ध दावा लावून चालत नाही. ज्येष्ठता यादीला हात घातला की त्या यादीतल्या प्रत्येकाला धक्का लागू शकतो, म्हणून प्रत्येकाला प्रतिवादी करावं लागतं. प्रत्येकाला म्हणजे एकशे त्रेचाळीस जणांना.

"पण माझी त्यांच्याबद्दल काही तक्रार नाही!"

"नसेना. ते औपचारिक प्रतिवादी."

या औपचारिक प्रतिवाद्यांत देवाघरी गेलेलेही होते, कारण यादीत नाव होतं. त्यांच्या पत्त्यावर गेलेली नोटीस 'घेणारा सापडत नाही' असा शेरा मारून परत आली, तेव्हा भाऊसाहेबांना ते कमी पडणारं जोडपत्र आठवलं आणि ते मनातल्या मनात खजील झाले. पण त्याहून मोठा घोळ निघाला तो प्रतिवादी क्रमांक बासष्टचा. तो त्यांचा सख्खा मेहुणा. दुसऱ्या गावच्या कार्यालयात कारकून होता बिचारा.

"माझ्या भावाला कोर्टात खेचलंत?" बायकोनं विचारलं.

"औपचारिक आहे गं ते."

"औपचारिक असो नाहीतर अनौपचारिक. रविवारी तो इथं जेवायला येणार आहे. त्याला पानावर बसवून काय सांगू, की वाढते आहे ते तुझ्या फिर्यादीच्या घरचं आहे?"

मेहुणा रविवारी आला तो नोटीस खिशात घालूनच. पोटभर जेवला. हात धुतल्यावर कागद काढला, पुढ्यात ठेवला आणि अत्यंत नम्रपणे म्हणाला, "भाऊजी, यावर माझं म्हणणं तीस दिवसांत दाखल करायला सांगितलंय. काय म्हणू?"

भाऊसाहेबांना पाणी पिताना ठसका लागला.

इकडे कार्यालयात रेकॉर्डबाई तळघरातून वर आल्या आणि खिडकीजवळच्या खुर्चीत बसल्या. उंच, सडसडीत, केस मागे घट्ट बांधलेले, हातात कायम एक बोथट पेन्सिल. पहिल्या दिवशी त्यांनी सगळ्यांना नमस्कार केला, त्यात भाऊसाहेबांनाही, आणि कामाला लागल्या. भाऊसाहेबांची अपेक्षा अशी होती की आता वैर सुरू होईल. टोमणे, अडवणूक, काहीतरी. त्यांनी मनाची तयारीही केली होती. वैर सुरूच होईना. पहिल्या तारखेला न्यायाधिकरणात जायचं तर रजा हवी, आणि रजा मंजूर करणार अधीक्षक. भाऊसाहेब अर्ज घेऊन खुर्चीसमोर उभे राहिले. रजेचं कारण या रकान्यात त्यांनी 'खाजगी काम' लिहिलं होतं.

बाईंनी अर्ज वाचला. "खाजगी कसं? दावा सरकारी कामाबद्दल आहे. नीट लिहा, नाहीतर पुढं लेखापरीक्षणात अडकेल."

"काय लिहू?"

"जे आहे ते."

भाऊसाहेबांनी घाम पुसत लिहिलं, 'अधीक्षकांविरुद्धच्या दाव्यास हजर राहणेसाठी.' बाईंनी खाली सही केली, 'मंजूर', आणि म्हणाल्या, "सकाळी सातची बस पकडा. नंतरच्या बसनं उशीर होतो. मीही त्याच बसनं येणार आहे."

न्यायाधिकरणाची इमारत पाहून भाऊसाहेब थबकले. पायऱ्या एवढ्या रुंद की साऱ्या खात्याला एका रांगेत उभं करता यावं. आत गेलं तर लांबच लांब व्हरांडा, आणि त्या व्हरांड्यात बाकांवर, जमिनीवर, खिडक्यांच्या कट्ट्यांवर माणसं. सगळ्यांच्या मांडीवर पिशव्या, पिशव्यांत कागद. शाळामास्तर, परिचारिका, वनरक्षक, तुरुंगातले शिपाई, पशुवैद्य. कुणी तेराव्या क्रमांकाचा बारावा होण्यासाठी आलेला, कुणी तारीख एका वर्षानं मागं ओढायला. एक पांढऱ्या केसांची परिचारिका शेजारणीला सांगत होती, "मी जिंकले गं. पण ती इस्पितळाची इमारतच पाडली." भाऊसाहेबांना वाटत आलं होतं की खातं म्हणजे आपलं कार्यालय, फार तर मुख्यालय. त्या व्हरांड्यात त्यांना पहिल्यांदा सरकार दिसलं. ते केवढं होतं! आणि त्यातल्या प्रत्येक माणसाला आपला क्रमांक तोंडपाठ होता.

त्यांच्या बाकावर एकच जागा शिल्लक होती. त्यावर बाई येऊन बसल्या. वादी आणि प्रतिवादी क्रमांक एक दिवसभर खांद्याला खांदा लावून बसले. दुपारी बाईंनी डबा उघडून झाकण पुढं केलं. भाऊसाहेबांनी शत्रूकडून काही घ्यायचं नाही असं ठरवलं होतं, पण स्वतःचा डबा ते बसमध्ये विसरले होते. संध्याकाळी पुढची तारीख पडली.

अशा अकरा तारखा पडल्या. दरम्यान औपचारिक प्रतिवादी हळूहळू अनौपचारिक होऊ लागले. ज्यांना यादीत आपला क्रमांक कितवा याची कधी फिकीर नव्हती, ते नोटीस आल्यापासून यादी उशाला घेऊन झोपायला लागले. एकाला वाटलं, परिवीक्षेचा, म्हणजे कच्च्या नोकरीचा काळ धरायला हवा. दुसऱ्याला वाटलं, धरायला नको. प्रतिवादी क्रमांक अडतीस हा तर भलताच खोदकाम करणारा निघाला. त्यानं शोधून काढलं की भाऊसाहेब टंकलेखनाच्या परीक्षेत पहिल्या खेपेला नापास झाले होते. ज्येष्ठता धरायची ती पास झाल्याच्या तारखेपासून. म्हणजे भाऊसाहेब सातवे नव्हेतच, एकोणिसावे. हे प्रतिज्ञापत्र पोस्टानं घरी आलं आणि बायकोनं उघडलं.

"लग्न ठरताना तुमच्या मामांनी सांगितलं होतं, मुलगा पहिल्या फटक्यात पास झालाय," ती कागद धरून म्हणाली.

"मामांना चुकीची माहिती होती."

"तुम्ही समोर बसला होतात."

"अगं, यंत्राचा 'ळ' अडकत होता. दर वेळी बोटानं सोडवावा लागायचा. आणि उतारा नेमका 'जलनळ जोडणी'वर!"

"अठ्ठावीस वर्षं," बायको म्हणाली. तिला हसू आवरत नव्हतं, आणि भाऊसाहेबांना तेच जास्त लागलं. त्या रात्री मेहुण्याचा फोन आला. आपलं म्हणणं दाखल केल्याचं त्यानं कळवलं. काय म्हटलंय असं भाऊसाहेबांनी विचारल्यावर तो चाचरत म्हणाला, "क्रमांक अडतीसशी सहमत आहे एवढंच. राग मानू नका भाऊजी, माझ्या वकिलानंच तसं लिहिलंय."

बाराव्या तारखेला तीन सदस्यांच्या पीठापुढं अंतिम सुनावणी निघाली. मधल्या खुर्चीत एक वृद्ध बाई न्यायाधीश होत्या. त्यांनी भाऊसाहेबांच्या वकीलसाहेबांचं पाऊण तास ऐकून घेतलं. मग चष्म्यावरून बघत त्या म्हणाल्या, "ही जागा राखीव बिंदूवर यायलाच नको होती, हे तुमचं सगळं म्हणणं या बिंदुनामावलीच्या वहीवर उभं आहे. ही वही नऊ वर्षांपूर्वी सुरू झालेली दिसते. त्याआधीची कुठं आहे?"

सरकारी वकील उठले. "ती उपलब्ध नाही, महोदया."

"कशावरून?"

"प्रतिवादी क्रमांक एक यांनीच सहा वर्षांपूर्वी ती वही पाहायला मिळावी असा अर्ज केला होता. त्यांना कार्यालयानं दिलेलं उत्तर जोडलेलं आहे." आणि त्यांनी वाचून दाखवलं : "'सदर नोंदवही या कार्यालयात उपलब्ध नसल्याने आपला अर्ज दप्तरी दाखल करण्यात येत आहे.'"

भाऊसाहेबांचे कान गरम झाले. वाक्य त्यांच्या ओळखीचं होतं. वाक्यच काय, त्यातला 'सदर' सुद्धा. सरकारी वकिलांच्या हातातल्या कागदाच्या डाव्या कोपऱ्यात मसुदा करणाऱ्याची आद्याक्षरं असणार, आणि ती कुणाची हे वाचायला चष्म्याची गरज नव्हती. तो अर्ज त्यांना पुसटसा आठवला. शुक्रवारची दुपार होती, टेबलावर तीसेक अर्ज होते. वही शोधायला ते उठले होते का? उठले नव्हते.

"शोधली होती का?" न्यायाधीशांनी विचारलं.

सरकारी वकिलांनी मागं वळून कार्यालयाच्या साहेबांकडं पाहिलं. साहेबांनी भाऊसाहेबांकडं पाहिलं. भाऊसाहेबांना दुसरीकडं पाहायला जागाच नव्हती. शेजारी रेकॉर्डबाई बसल्या होत्या. त्या समोर बघत होत्या.

"पंधरा दिवसांत शोधा," न्यायाधीश म्हणाल्या. "दोन्ही पक्षांसमक्ष. प्रत्येक कपाट."

आस्थापना शाखेत एकूण नऊ कपाटं. आठ उघडली. त्यांत जुनी परिपत्रकं, फुटकी शाईची दौत, एक छत्री आणि कुणाचा तरी एकच बूट निघाला. नववं कपाट भाऊसाहेबांच्या खुर्चीच्या मागं होतं. नऊ वर्षं ते त्याला पाठ टेकून बसत आले होते. कण्याला बरं वाटायचं. त्याची किल्ली कुणाकडं नव्हती. कुलूप तोडायचं तर मालमत्तेच्या नुकसानीची परवानगी लागते, ती द्यायची तर कपाट कुणाच्या ताब्यात आहे ते हवं, आणि ताबा ज्या नोंदवहीत लिहिलेला ती नोंदवही बहुधा कपाटात. यात बारा दिवस गेले. तेराव्या दिवशी साहेबांनी कुलूपवाल्याला बोलावलं. त्यानं एक तार घातली, दोनदा हलवली आणि दार उघडलं.

वही दुसऱ्याच फळीवर होती. लाल कापडाची बांधणी, हातभर रुंद, एकट्यानं उचलू नये अशी. बाईंनी ती उचलली, जमिनीवर सतरंजी टाकून ठेवली आणि मांडी घालून बसल्या. भाऊसाहेब आपोआप समोर बसले. एकेक पान उलटत बाई बोलत गेल्या. बोलत म्हणजे वाचत नव्हत्या. पान दिसायच्या आधीच सांगत होत्या.

"हे वर्ष पुराचं. त्या वर्षी सात बढत्या झाल्या, दोन राखीव असायला हव्या होत्या. बघा, जागा रिकामी सोडलीय. पुढच्या वर्षी एक. तीही रिकामी. आता हे पान बघा, शेरा मारलाय. 'पात्र उमेदवार नाही.' होता. पंप विभागात होता. त्याची सेवापुस्तिका माझ्याकडं तळघरात, चौथ्या रॅकवर."

पंधरा वर्षं तळघरात बसून त्यांनी दुसऱ्या बाजूचे सगळे कागद वाचले होते. कोण कधी लागला, कधी पात्र झाला, कधी वाट बघत राहिला. फक्त ही वही त्यांच्याकडं नव्हती. आता दोन्ही बाजू जुळत होत्या. पानामागून पान, नावामागून नाव, आणि एकही नाव अडखळत नव्हतं. खोलीत वीसेक माणसं जमली होती. शिपाई, कारकून, साहेब, कुलूपवालासुद्धा हत्यारं हातात धरून तसाच उभा. भाऊसाहेबांनी आयुष्यभर कागद हाताळले होते आणि आपल्याला कागद कळतात अशी त्यांची समजूत होती. असं वाचणारं माणूस त्यांनी पाहिलं नव्हतं. नवी वही सुरू करताना जुना हिशोब पुढं ओढलाच नव्हता, म्हणून सतरा राखीव जागा हवेत विरल्या होत्या. सतरा जागा म्हणजे सतरा माणसं. त्यांतली एक समोर मांडी घालून बसली होती.

निकाल दोन महिन्यांनी लागला. चौऱ्याण्णव पानांचा होता. भाऊसाहेबांचा दावा फेटाळला गेला. बाईंना अधीक्षकपदाची मानीव तारीख मिळाली, म्हणजे सात वर्षांपूर्वीच त्या अधीक्षक झाल्या असं धरायचं. उरलेल्या सोळा जणांच्या तारखा तीन महिन्यांत ठरवून त्यांना कळवायच्या. वकीलसाहेबांनी भाऊसाहेबांना व्हरांड्यात मिठी मारली.

"ऐतिहासिक! हा ग्रंथात छापून येणार!"

"पण आपण हरलो ना?"

"साफ हरलो. पण तुमच्या नावानं ओळखला जाईल तो निकाल. पन्नास वर्षं राखीव उमेदवारांचे वकील तुमचं नाव घेऊन उभे राहतील!"

दुसऱ्या दिवशी भाऊसाहेब बाईंच्या खुर्चीसमोर गेले. 'दिलगिरी व्यक्त करण्यात येत आहे' हे वाक्य त्यांनी नोकरीत हजारदा लिहिलं होतं. त्यात कोण दिलगीर आहे हे कधी लिहावं लागत नाही, हीच त्या वाक्याची गंमत. तेच तोंडात आलं होतं. पण बाईंनी पेन्सिल खाली ठेवली आणि त्या ऐकू लागल्या, तशी भाऊसाहेबांना ते वाक्य बोलता येईना.

"मी शोधली नव्हती," भाऊसाहेब म्हणाले. "तेव्हा. उठलोसुद्धा नव्हतो. माझं चुकलं."

"मला वाटायचं, जाळली असेल," बाई म्हणाल्या. "कुणीतरी मुद्दाम जाळली असेल, असं सहा वर्षं वाटायचं. रात्र रात्र चीड यायची. आणि ती तुमच्या पाठीमागं होती." त्यांच्या चेहऱ्यावर हसू होतं की दुसरं काही, हे भाऊसाहेबांना ओळखता आलं नाही. "मुद्दाम केलं असतं तर बरं वाटलं असतं का, तेही आता कळत नाही. बसा. सोळा पत्रं करायची आहेत."

पत्रं तयार झाली. पोस्टानं पाठवायची पद्धत, पण गावातली पत्रं आपण हातोहात देतो असं भाऊसाहेब म्हणाले आणि बाईंनी नुसती मान हलवली.

त्यांतलं एक पत्र जुन्या जावक कारकुनाचं होतं. तो निवृत्त होऊन पाच वर्षं झाली होती. बत्तीस वर्षं त्यानं कार्यालयातून बाहेर जाणाऱ्या प्रत्येक कागदावर क्रमांक घातला होता, पाकिटं चिकटवली होती. इतरांच्या बढत्यांचे आदेशही त्याच्याच हातून गेले. रेल्वे फाटकाजवळच्या दोन खोल्यांत तो आणि त्याची बायको राहत. भाऊसाहेब पोचले तेव्हा तो दारात बसून रेडिओ उघडून दुरुस्त करत होता.

"भाऊसाहेब! तुम्ही? कोण गेलं?"

"कुणी नाही. पत्र आहे तुमचं."

म्हाताऱ्यानं हात पुसले. पाकीट उलटसुलट करून पाहिलं, डिंक कुठं लागलाय ते बोटानं चाचपलं, मग कडेनं व्यवस्थित फोडलं. मजकुराकडं न बघता आधी वरचा कोपरा वाचला. "जावक क्रमांक बरोबर आहे," तो म्हणाला. "आकडा जरा बारीक काढलाय नव्या पोरानं." आणि मग तो खाली वाचू लागला. एकदा वाचलं. ओठ हलवत पुन्हा वाचलं. तिसऱ्यांदा वाचताना बोट प्रत्येक शब्दाखालून फिरत होतं.

"अगं," त्यानं आत हाक मारली. आवाज चिरकला, म्हणून पुन्हा मारली. "अगं, बाहेर ये. मी अकरा वर्षांपूर्वी वरिष्ठ कारकून झालो होतो."

ती ओल्या हातानं दारात आली. त्याच्याकडं बघितलं, कागदाकडं बघितलं, भाऊसाहेबांकडं बघितलं. "मग मला तेव्हाच का नाही सांगितलंत?"

"कचेरीतल्या गोष्टी घरी सांगायच्या नसतात," म्हातारा म्हणाला, आणि त्यानं रेडिओचे स्क्रू उगाचच एका बाजूला सारले. त्याचे डोळे भरले होते. भाऊसाहेब फाटकाकडं बघत राहिले. एक मालगाडी चालली होती. ती संपेपर्यंत त्यांनी तिचे डबे मोजले.

मग म्हाताऱ्याला आठवलं. "पोच? पोच घेतल्याशिवाय जाऊ नका. कागद हातात दिला आणि पोच नाही, असं माझ्या काळात कधी झालं नाही." भाऊसाहेबांनी पोचपावती पुढं केली. म्हाताऱ्यानं पाट मागवला, त्यावर ती सरळ ठेवली, सही केली आणि सहीखाली हुद्द्याच्या जागी येऊन पेन थांबलं. बत्तीस वर्षं तिथं तो एकच गोष्ट लिहीत आला होता. त्यानं भाऊसाहेबांकडं पाहिलं. भाऊसाहेबांनी मान हलवली. मग त्यानं सावकाश, एकेक अक्षर कोरत लिहिलं, 'वरिष्ठ कारकून', आणि मागं सरकून जरा लांबून बघितलं.

"आणि तारीख?" तो म्हणाला. "आजची टाकू, की तेव्हाची?"

तीस वर्षं आस्थापना शाखेत काढलेल्या, चौऱ्याण्णव पानी निकाल ज्यांच्या नावानं छापला जाणार होता त्या भाऊसाहेबांनी तोंड उघडलं. त्यांना काही सुचेना.

"दोन्ही टाका की," म्हातारी म्हणाली. "जागा आहे."

त्यानं दोन्ही टाकल्या.